बाबांचा प्रश्न: आर्मीचा विमानतळ कॉलेजने कर्ज काढून कशाला बांधायचा?

अंगणवेल

आम्ही माँटगोमेरीला राहतो, अलाबामात. आईबाबा साताऱ्याहून दोन महिन्यांसाठी आलेत. बाबा सुभेदार म्हणून रिटायर झाले, त्यामुळे समुद्रकिनारा, मॉल वगैरेत त्यांचं मन रमत नाही, म्हणून गेल्या शनिवारी त्यांना टस्कीगीला घेऊन गेले. आमच्या घरापासून तास-पाऊण तास. तिथे मोटन फील्ड म्हणून जुना विमानतळ आहे, त्याच्या हँगरमध्येच म्युझियम केलंय. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेचे पहिले काळे लढाऊ पायलट इथे उडायला शिकले, टस्कीगी एअरमन म्हणतात त्यांना.

तर तिथल्या पाटीवर लिहिलेलं की हा विमानतळ टस्कीगी इन्स्टिट्यूटने, म्हणजे तिथल्या कॉलेजने, शिकागोच्या रोझेनवाल्ड फंड नावाच्या धर्मादाय संस्थेकडून पावणेदोन लाख डॉलर कर्ज घेऊन बांधला. मी वाचून दाखवलं तर बाबा थांबलेच, म्हणाले, "आर्मीला विमानतळ पाहिजे असेल तर आर्मी बांधेल की. पोरं शिकवणाऱ्या कॉलेजने कर्ज काढून कशाला बांधून द्यायचा?"

मला तेव्हा उत्तर देता आलं नाही. आठवडाभर वाचत बसले. जे कळलं ते इथे लिहितेय, कारण घरात ऐकणारे बाबा सोडून कोणी नाही आणि इथे बरेच जण यातलं जाणणारे आहेत.

आधी एक सांगते. अमेरिकेत ज्यांना एचबीसीयू म्हणतात ती कॉलेजं म्हणजे १९६४ च्या आधी काळ्या विद्यार्थ्यांसाठी म्हणून उभी राहिलेली कॉलेजं. हॉवर्ड, हॅम्प्टन, फिस्क, मोअरहाउस, विल्बरफोर्स, टस्कीगी अशी. आजही शंभरएक आहेत. दक्षिणेत गोऱ्यांच्या कॉलेजात यांना प्रवेशच नव्हता, त्यामुळे डॉक्टर, वकील, मास्तर, नर्स, जे काही घडलं ते बहुतेक इथेच घडलं.

आता विमानांचं. अमेरिकन आर्मीच्या वॉर कॉलेजने १९२५ ला एक रिपोर्ट लिहून ठेवला होता की काळा माणूस बुद्धीने आणि धैर्याने कमी असतो, त्याला फार जबाबदारीचं काम देऊ नये. सरकारी कागद हो हा, चहाच्या टपरीवरची बडबड नाही. आणि त्याच्या जोरावर एअर कोअरमध्ये, म्हणजे आर्मीच्या तेव्हाच्या हवाई दलात, काळ्यांना घेतच नव्हते. मग १९३९ ला सरकारने नागरी वैमानिक शिक्षणाची योजना काढली, कॉलेजातल्या पोरांना विमान चालवायला शिकवायचं म्हणजे उद्या युद्ध पेटलं तर पायलट तयार असतील, आणि बऱ्याच खटपटीनंतर त्यात काळ्यांची सहा कॉलेजं आली. वेस्ट व्हर्जिनिया स्टेट, हॉवर्ड, हॅम्प्टन, नॉर्थ कॅरोलायना ए अँड टी, डेलावेर स्टेट आणि टस्कीगी. टस्कीगीने चार्ल्स अँडरसनला शिक्षक म्हणून आणलं, सगळे त्याला चीफ म्हणायचे. या माणसाला तरुणपणी कुणी विमान शिकवायला तयार नव्हतं म्हणून त्याने उसनेपासने करून स्वतःचं विमान घेतलं आणि १९२९ ला लायसन्स काढलं.

१९४१ च्या मार्चमध्ये राष्ट्राध्यक्षांची बायको एलिनॉर रूझवेल्ट टस्कीगीला आली, ती रोझेनवाल्ड फंडाची ट्रस्टी होती, आणि सगळे नको नको म्हणत असताना चीफ अँडरसनच्या मागच्या सीटवर बसून अर्धा-पाऊण तास आकाशात फिरून आली. तो फोटो म्युझियममध्ये आहे, दोघंही हसतायत. त्यानंतर कर्ज मंजूर झालं. आणि बांधकामाला कॉलेजच्याच लोकांचेही हात लागले. टस्कीगीला हे नवीन नव्हतं, १८८१ ला बुकर टी. वॉशिंग्टनने कॉलेज सुरू केल्यापासून विद्यार्थी स्वतः विटा भाजून स्वतःच्या वर्गखोल्या बांधत होते.

पहिल्या तुकडीत तेरा जण आले, ७ मार्च १९४२ ला पाच जणांना पंख, म्हणजे पायलटचा बिल्ला, मिळाले. त्यातला एक बेंजामिन डेव्हिस ज्युनिअर. वेस्ट पॉइंटला, म्हणजे आर्मीच्या ऑफिसर घडवणाऱ्या अकादमीत, चार वर्षं एकाही कॅडेटने त्याच्याशी कामाशिवाय शब्द बोलला नव्हता, जेवायला एकटा, खोलीत एकटा. बाबा हे ऐकून म्हणाले "चार वर्षं? आणि टिकला?" टिकला, पुढे जनरल झाला. १९४६ पर्यंत टस्कीगीतून ९९२ पायलट बाहेर पडले.

म्युझियममध्ये एक नकाशा आहे, इटलीतलं रामितेल्ली, तिथून ही विमानं उडायची. बाबा त्या नकाशासमोर खूप वेळ उभे होते. मला वाटलं पाय दुखले म्हणून थांबलेत. नंतर म्हणाले, "आबा तेव्हा इटलीतच होते." माझे आजोबा मराठा रेजिमेंटमध्ये होते, १९४४ ला इटलीत. हे मला माहीत होतं पण डोक्यात कधी जोडलं गेलं नव्हतं की एकाच वर्षी एकाच देशात आपला माणूस खाली चिखलात होता आणि ही टस्कीगीची पोरं वर होती, आणि दोघंही अशा सरकारसाठी लढत होते ज्याने त्यांना घरी बरोबरीचं मानलं नव्हतं.

बाबांच्या प्रश्नाचं माझं उत्तर असं, की कॉलेजने कर्ज काढलं कारण नाहीतर धावपट्टीच मिळाली नसती आणि मग तो १९२५ चा कागद तसाच खरा राहिला असता. बरोबर आहे का? अजून काय काय केलं या कॉलेजांनी? माहितगारांनी लिहा.

शिवथरकर

सुंदर लिहिलंय. बाबांना नमस्कार सांगा.

एक दुरुस्ती करतो, राग मानू नका. एलिनॉरबाईंच्या त्या उड्डाणामुळे काळ्यांची स्क्वॉड्रन निघाली असं बऱ्याच ठिकाणी वाचायला मिळतं, तुम्ही तसं लिहिलेलं नाही पण वाचणाऱ्याचा समज होईल. ९९ व्या परस्यूट स्क्वॉड्रनची, म्हणजे या पायलटांच्या लढाऊ तुकडीची, घोषणा जानेवारी १९४१ लाच झाली होती, उड्डाण मार्चअखेरचं. तसंच एस्कॉर्ट करताना यांनी एकही बॉम्बर गमावला नाही हीसुद्धा दंतकथा, पुढे रेकॉर्ड तपासलं तेव्हा सत्तावीसच्या आसपास आकडा निघाला, आणि तोसुद्धा इतर फायटर ग्रुपांच्या सरासरीपेक्षा खूपच कमी आहे. मला नेहमी वाटतं खरा आकडाच सांगावा. २४ मार्च १९४५ ला इटलीतून थेट बर्लिनपर्यंत जाऊन आले, जेट विमानांशी लढले, त्याला दंतकथेचा टेकू कशाला लागतोय.

आणि पायलटांइतकंच खालच्या माणसांबद्दल लिहायला हवं. एक विमान उडायचं तर दहा-बारा माणसं जमिनीवर राबतात, मेकॅनिक, शस्त्रं भरणारे, हवामानवाले, पॅराशूट घडी करणारे. मोटन फील्डवर पॅराशूट घडी करायला बायका होत्या. मी स्वतः वायुसेनेत एअरफ्रेम फिटर होतो सतरा वर्षं, आमचे फोटो कोणी काढत नाही म्हणून सांगतो.

अंगणवेल

धन्यवाद शिवथरकर काका, राग कसला. पॅराशूटचं टेबल आहे तिथे हँगरमध्ये, लांबच लांब. आईने त्याच्यावरून हात फिरवला आणि म्हणाली साडीची घडी पण इतकी नीट कोणी घालत नाही.

सदाशिव_डेट्रॉइट

अंगणवेल, तुम्ही १९३९ पासून सुरू केलंत पण गोष्ट तिथे सुरू होत नाही. उलटीकडून सुरू होते. कॉलेजांनी सैनिक दिले त्याच्या आधी सैनिकांनी कॉलेज दिलंय.

मिझुरीमधलं जेफरसन सिटी. तिथे लिंकन युनिव्हर्सिटी आहे. अमेरिकन यादवी युद्धात मिझुरीतल्या गुलामगिरीतून सुटलेल्या माणसांची ६२ वी आणि ६५ वी कलर्ड इन्फन्ट्री, म्हणजे काळ्या सैनिकांच्या पायदळ पलटणी, होती. लक्षात घ्या की मिझुरीत १८४७ पासून काळ्या माणसाला लिहायवाचायला शिकवणं हा गुन्हा होता. ही माणसं छावणीत, पहाऱ्यातून सुटल्यावर, अक्षरं शिकली. युद्ध संपलं, टेक्सासमध्ये छावणी होती, घरी जायची वेळ आली तेव्हा विचार आला की आपण इथे शिकलो पण गावाकडे गेल्यावर पुढे काय, आपल्या पोरांचं काय. मग वर्गणी काढली. साध्या शिपायाचा पगार महिन्याला तेरा डॉलर. ६२ व्या पलटणीने पाच हजार डॉलर जमवले, ६५ वीने चौदाशेच्या जवळपास घातले आणि १८६६ च्या सप्टेंबरमध्ये एका पडक्या जागेत शाळा सुरू झाली, पहिल्या दिवशी विद्यार्थी किती तर दोन. त्यांच्याच पलटणीतला लेफ्टनंट रिचर्ड फॉस्टर पहिला मुख्याध्यापक.

तेरा डॉलरवाल्याने काढलेली वर्गणी आहे ती. मला आपल्या कर्मवीर अण्णांची आठवण होते, मूठभर धान्यातून वसतिगृह उभं राहिलं त्याची, साताऱ्याच्या माणसाला वेगळं सांगायला नको.

हॅम्प्टन पण तसंच, काळ्या सैनिकांच्या पलटणीचा गोरा कमांडर सॅम्युअल आर्मस्ट्राँगने १८६८ ला सुरू केलं. हॉवर्डचं तर नावच एका जनरलवरून. म्हणजे लष्कर आणि ही कॉलेजं यांची नाळ पहिल्यापासून एकच आहे.

अंगणवेल

सदाशिवदादा, हे मी बाबांना मोठ्याने वाचून दाखवलं. तेरा डॉलर म्हटल्यावर ते त्यांचा पहिला पगार सांगायला लागले.

वकिलीण_बाई

मी पुण्यात लॉ करतेय, शेवटचं वर्ष. आमच्या कॉन्स्टिट्यूशनल लॉच्या सरांमुळे मला यातला एक धागा माहितीये तो सांगते, थोडं लांबेल.

१९१७. अमेरिका पहिल्या महायुद्धात उतरली. काळे सैनिक घेणार पण काळे ऑफिसर नको, कारण ऑफिसर ट्रेनिंगचे कँप फक्त गोऱ्यांसाठी. तेव्हा हॉवर्डच्या विद्यार्थ्यांनी कमिटी काढली, सेंट्रल कमिटी ऑफ निग्रो कॉलेज मेन, आणि देशभरच्या काळ्या कॉलेजांतून नावं गोळा केली, थोड्याच दिवसांत दीड हजार नावं झाली, खासदारांच्या ऑफिसात जाऊन बसले, पत्रकं वाटली. परीक्षा जवळ आलेल्या पोरांनी हे केलंय. शेवटी आयोवामध्ये फोर्ट डे मॉइन हा वेगळा कँप काढावा लागला. साडेबाराशे जण ट्रेनिंगला गेले, त्यात हजार कॉलेजवाले आणि अडीचशे आधीपासून आर्मीतले, ऑक्टोबर १९१७ ला ६३९ जण ऑफिसर झाले.

त्यात एक होता चार्ल्स हॅमिल्टन ह्यूस्टन. हॉवर्डला इंग्रजी शिकवायचा, बावीस वर्षांचा. ऑफिसर झाला, फ्रान्सला गेला, आणि तिथे शत्रूपेक्षा आपल्याच गोऱ्या ऑफिसरांनी काय वागवलं ते बघितलं. काळ्या शिपायांना खोट्या आरोपात कसं अडकवतात, त्यांच्या बाजूने बोलायला कोणी नसतं हे बघितलं. आणि त्याने तिथेच ठरवलं की जिवंत परत गेलो तर कायदा शिकेन आणि ज्यांना उलट हात उचलता येत नाही त्यांच्यासाठी लढेन. परत आला, हार्वर्डला लॉ केलं आणि मग हॉवर्डच्या लॉ स्कूलचा कारभार हातात घेतला. संध्याकाळचं कॉलेज होतं ते, त्याने दिवसाचं केलं, इतकं कडक केलं की पोरं रडायची. त्याच्या हाताखाली १९३३ ला पास झाला थर्गुड मार्शल. आणि मार्शलने १९५४ ला ब्राउन केस जिंकली, शाळांमधला वर्णभेद घटनाबाह्य ठरला. ह्यूस्टन ते बघायला नव्हता, १९५० ला गेला.

मला हे वाचताना नेहमी असं होतं की तो कँप निघाला नसता तर ह्यूस्टन कदाचित आयुष्यभर इंग्रजीच शिकवत राहिला असता.

नाणेघाट

वकिलीण_बाई, मस्तच. त्यात कर्नल चार्ल्स यंग यायला पाहिजे. वेस्ट पॉइंट पास झालेला तिसरा काळा माणूस, १८९४ पासून विल्बरफोर्स कॉलेजात लष्करी शिक्षणाचा प्रोफेसर. १९१७ ला तो सगळ्यात वरच्या हुद्द्याचा काळा ऑफिसर होता, युद्धात गेला असता तर जनरल झाला असता आणि गोरे ऑफिसर त्याच्या हाताखाली आले असते, म्हणून मेडिकल बोर्डाने ब्लड प्रेशरचं कारण काढून रिटायर केलं. तर त्याने काय केलं, ओहायोतल्या विल्बरफोर्समधून घोड्यावर बसला आणि जवळपास पाचशे मैल वॉशिंग्टनपर्यंत गेला, मी फिट आहे बघा म्हणून. वयाच्या ५४ व्या वर्षी. परत घेतला त्याला, पण युद्ध संपायला जेमतेम पाच दिवस उरले असताना. २०२२ ला, मरून शंभर वर्षं झाल्यावर, ब्रिगेडियर जनरल केलं.

मला ते शंभर वर्षांचं वाचून आनंद नाही होत, नुसता त्रास होतो.

रक्तगट_ओ

नागपूरला ब्लड बँकेत टेक्निशियन आहे. रोज ज्या प्लाझ्माच्या पिशव्या आम्ही हाताळतो त्याच्यामागे ज्यांचं काम आहे त्यातलं मोठं नाव डॉ. चार्ल्स ड्रू. हॉवर्डचे सर्जरीचे प्रोफेसर. न्यूयॉर्कला कोलंबिया युनिव्हर्सिटीत साठवलेल्या रक्तावर प्रबंध लिहिला १९४० ला, डॉक्टर ऑफ सायन्स. बाबासाहेबांची कोलंबिया, हे सांगितल्याशिवाय राहवत नाही.

१९४० ला जर्मन विमानं लंडनवर बॉम्ब टाकत होती तेव्हा न्यूयॉर्कहून ब्रिटनला प्लाझ्मा पाठवायची मोहीम निघाली आणि तिचे प्रमुख ड्रू. वेगवेगळ्या हॉस्पिटलात गोळा झालेलं रक्त, सगळीकडे एकच पद्धत, जंतू जाऊ नयेत म्हणून एकच तपासणी, मग प्लाझ्मा वेगळा करून जहाजावर. चौदा हजारांवर दात्यांनी रक्त दिलं. मग १९४१ ला रेड क्रॉसने अमेरिकन सैन्यासाठी रक्तसंकलन सुरू केलं त्याच्या पहिल्या केंद्राचे डायरेक्टर पण ड्रूच.

आणि त्याच रेड क्रॉसने, सैन्याच्या सांगण्यावरून, आधी काळ्या माणसाचं रक्त घ्यायलाच नकार दिला. जानेवारी १९४२ पासून घ्यायला लागले पण वेगळं ठेवून, वेगळं लेबल. म्हणजे ज्याने पद्धत बसवली त्याचं स्वतःचं रक्त चाललं नसतं. मी लेबल लावतो रोज, ए, बी, ओ, पॉझिटिव्ह, निगेटिव्ह, लेबलवर आणखी एक रकाना जातीचा असता तर काय वाटलं असतं हा विचार करून बघा. ड्रूंनी स्पष्ट सांगितलं की याला विज्ञानात कसलाही आधार नाही. तोवर ते हॉवर्डला परत आले होते, पोरांना सर्जन करायला.

एक गैरसमज खोडून ठेवतो, ते १९५० ला अपघातात गेले तेव्हा गोऱ्यांच्या हॉस्पिटलने रक्त द्यायला नकार दिला म्हणून गेले असं पसरलेलं आहे, ते खरं नाही, डॉक्टरांनी प्रयत्न केले होते, जखमाच तशा होत्या. टस्कीगीला वैद्यकीय शिबिरासाठीच निघाले होते ते.

कडूलिंब

सगळं वाचलं. चांगलं चाललंय पण मला वाटतं धागा एकाच दिशेने वाहतोय. "देशाला साथ दिली" म्हणताना हे पण बोललं पाहिजे की ती साथ द्यावी का, कशी द्यावी यावर या कॉलेजांच्याच लोकांत कडाक्याचं भांडण होतं. टस्कीगीचं उदाहरण घ्या. वेगळा विमानतळ, वेगळी स्क्वॉड्रन, वेगळी मेस. एनएएसीपी या काळ्यांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या संघटनेने विरोध केला होता, म्हणाले ही वर्णभेदावर मान्यतेची मोहोर आहे. टस्कीगीचे प्रेसिडेंट फ्रेडरिक पॅटरसन म्हणाले आत्ता हे घेऊ. आणि हॉवर्ड लॉचे डीन विल्यम हेस्टी, युद्धमंत्र्यांचे सल्लागार म्हणून १९४० पासून आत बसून भांडत होते, त्यांनी १९४३ च्या जानेवारीत एअर फोर्सच्या वर्णभेदाला कंटाळून राजीनामा दिला.

दुसरं. त्याच टस्कीगीत, त्याच वर्षांत, सरकारच्या पब्लिक हेल्थ सर्व्हिसचा सिफिलिसचा अभ्यास चालू होता. १९३२ ते १९७२. आजारी असलेले ३९९ काळे शेतकरी, त्यांना उपचार न देता काय होतं ते बघायचं. कॉलेजने हॉस्पिटल वापरायला दिलं. आणि युद्धाशी संबंध असा की त्यातल्या काहींना सैन्यभरतीच्या तपासणीत आजार सापडला, नियमाप्रमाणे उपचार मिळायला हवे होते, तर हेल्थ सर्व्हिसने भरती बोर्डाला यादी दिली की यांना उपचार देऊ नका. अडीचशेहून जास्त नावं. म्हणजे सैन्यात जाऊन तरी बरा झाला असता तोही रस्ता बंद केला. अंगणवेल, तुमच्या हँगरपासून किती अंतरावर हे चाललं होतं ते बघा.

अंगणवेल

कडूलिंब, हे मला माहीत होतं आणि मी धाग्यात लिहिलं नाही कारण बाबांबरोबरचा तो दिवस मला चांगला ठेवायचा होता. चूक झाली. लिहायला पाहिजे होतं. आभार.

हेस्टींचं मात्र माहीत नव्हतं. तुम्हाला कोण बरोबर वाटतं, पॅटरसन का हेस्टी? मला खरंच ठरवता येत नाहीये. धावपट्टी नसती तर ९९२ माणसं कधी उडाली नसती, पण वेगळ्या धावपट्टीला हो म्हटल्यावर पुढे वेगळंच ठेवायला त्यांना सोपं जातं हेही खरं.

कडूलिंब

मी हेस्टींच्या बाजूचा. पण मला त्या काळात मुलाला पायलट करायचं असतं तर टस्कीगीला पाठवला असता, हेही प्रामाणिकपणे सांगतो.

वकिलीण_बाई

मला वाटतं दोघांनी मिळून झालं. टस्कीगीत तयार झालेल्याच ऑफिसरांनी एप्रिल १९४५ ला इंडियानात फ्रीमन फील्डवर गोऱ्यांसाठी राखीव क्लबमध्ये पाऊल टाकलं, वेगळ्या क्लबच्या आदेशावर सही करायला १०१ जणांनी नकार दिला, अटक झाली सगळ्यांना. युद्धकाळात वरिष्ठाचा थेट हुकूम नाकारणं म्हणजे काय शिक्षा होऊ शकते हे त्या सगळ्यांना माहीत होतं. १९४८ ला राष्ट्राध्यक्ष ट्रुमनने सैन्यातला भेद संपवायचा आदेश काढला.

आणि हॉवर्डच्या मुली! त्यांच्याबद्दल कुणीच लिहिलं नाही. १९४३ ला कॉलेजातली मुलं सैन्यात गेलेली, मागे मुली. जानेवारीत तिघी जणी वॉशिंग्टनमधल्या एका दुकानात गरम चॉकलेट प्यायल्या, बिल मुद्दाम जास्त लावलं, त्यांनी ठरलेली किंमत ठेवली आणि अटक झाली. मग एप्रिलमध्ये पॉली मरे, लॉच्या वर्गातली एकटी मुलगी, हिच्या सल्ल्याने हॉवर्डचे विद्यार्थी लिटल पॅलेस नावाच्या खाणावळीत गेले, वाढलं नाही तर रिकामी ताटं घेऊन पुस्तकं उघडून बसले. बाहेर बोर्ड धरलेले, की आपण मरतो बरोबर तर जेवू बरोबर का शकत नाही. काही दिवसांत मालकाने धोरण बदललं. आपल्याकडे सहभोजनाच्या चळवळी झाल्यात त्यामुळे एका टेबलावर बसण्यासाठी काय काय करावं लागतं हे आपल्याला समजावून सांगायला नको. पॉली मरेने गांधीजींचं वाचलेलं होतं बरं का. पुढच्या वर्षी मोठ्या हॉटेलवर मोर्चा नेला तर युनिव्हर्सिटीनेच थांबवायला सांगितलं, कारण हॉवर्डचं बजेट काँग्रेस, म्हणजे अमेरिकेची संसद, मंजूर करते, खासदार चिडले तर पैसे बंद. कॉलेज आणि सरकार यातली ती दोरी कायम ताणलेली होती.

वर्धेकर

गांधीजींचा विषय निघाला म्हणून आमच्या जिल्ह्याचं सांगतो. मोअरहाउस कॉलेजचे प्रेसिडेंट बेंजामिन मेज. हे १९३६-३७ च्या हिवाळ्यात भारतात आले होते, म्हैसूरला परिषद होती वायएमसीएची, तेव्हा हॉवर्डला डीन होते. वाटेत वाकडी वाट करून वर्ध्याला आले आणि बापूंशी अहिंसेवर तासभराहून जास्त बोलले. शेगावात, म्हणजे आजचं सेवाग्राम. त्याच्या आधी फेब्रुवारी ३६ ला हॉवर्डचेच हॉवर्ड थर्मन बार्डोलीला भेटून गेले होते.

मेज १९४० ला मोअरहाउसला गेले आणि वर्ष-दीड वर्षात युद्ध. पुरुषांचं कॉलेज, सगळी पोरं भरतीला, वर्ग ओस. कॉलेज बंद पडायची वेळ. तेव्हा त्यांनी काय केलं तर हायस्कूल पूर्ण व्हायच्या आधीच हुशार मुलांना परीक्षा घेऊन प्रवेश द्यायला लागले. त्यात १९४४ ला पंधरा वर्षांचा एक मुलगा आला, मार्टिन ल्यूथर किंग ज्युनिअर. त्या उन्हाळ्यात मोअरहाउसची पोरं कनेक्टिकटला तंबाखूच्या शेतात कामाला गेली होती, युद्धामुळे मजूर नव्हते आणि पोरांना फीचे पैसे हवे होते, किंगही गेला. तिकडे उत्तरेत कुठेही बसून जेवता येत होतं, आणि परतीच्या गाडीत वॉशिंग्टननंतर पडद्यामागे बसावं लागलं. मेज दर मंगळवारी चॅपलमध्ये बोलायचे, किंग ऐकायचा.

म्हणजे सेवाग्रामच्या झोपडीत जे बोलणं झालं त्याचा एक कान अटलांटात पोचला. आम्ही शाळेत असताना सहलीला दर वर्षी आश्रमात जायचो पण हे कुणी सांगितलं नव्हतं.

हिरवळ_७२

मी शेतीवाली, माझा वाटा छोटा. टस्कीगीचे जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर आपल्याला शाळेत शेंगदाण्यामुळे माहीत असतात. पहिल्या महायुद्धात गहू कमी पडला तेव्हा रताळ्याचं पीठ ब्रेडमध्ये मिसळून दाखवलं त्यांनी, १९१८ ला वॉशिंग्टनला बोलावून घेतलं होतं. आणि १९४२ ला, ऐंशीच्या घरात वय, प्रकृती खालावलेली, तेव्हा शेतकऱ्यांसाठी पुस्तिका काढली की युद्धाच्या टंचाईत बांधावरचं तण म्हणून जे उपटून टाकता ते खा, कोणतं कसं शिजवायचं ते दिलंय. आपल्या रानभाज्याच की. त्यात चाकवत पण आहे! जानेवारी ४३ ला गेले ते.

सदाशिव_डेट्रॉइट

बायकांच्या बाजूला मेजर चॅरिटी अ‍ॅडम्स राहिली. विल्बरफोर्सची १९३८ ची पदवीधर, गणित-लॅटिन-फिजिक्स. शाळेत गणित शिकवत होती. १९४२ ला स्त्रियांची लष्करी तुकडी निघाली तेव्हा विल्बरफोर्सच्या डीनबाईंनी तिचं नाव पुढे केलं. काळ्या मुलींच्या निवडीत मेरी बेथ्यून, जिने स्वतः फ्लोरिडात मुलींची शाळा काढून त्याचं कॉलेज केलं, तिचा हात होता. आणि ट्रेनिंग कुठे, तर परत फोर्ट डे मॉइन! जिथे ह्यूस्टन आणि ते ६३९ ऑफिसर झाले तिथेच.

१९४५ च्या फेब्रुवारीत तिच्या हाताखाली ६८८८ वी पोस्टल बटालियन इंग्लंडला बर्मिंगहॅमला गेली, ८५५ बायका. हँगरमध्ये छतापर्यंत पत्रं, एक कोटी सत्तर लाख, काही दोन-दोन वर्षांपूर्वीची, पार्सलमधल्या केकला उंदीर लागलेले, खिडक्या काळ्या रंगवलेल्या, थंडी. नुसतं "ज्युनिअर, अमेरिकन आर्मी" असा पत्ता. रॉबर्ट स्मिथ नावाचे म्हणे साडेसात हजार होते. त्यांनी सत्तर लाख कार्डं केली, तीन पाळ्या लावल्या, एका पाळीत पासष्ट हजार पत्रं. सहा महिने दिले होते, तीन महिन्यांत संपवलं. एका जनरलने तपासणीत धमकी दिली की गोरा लेफ्टनंट पाठवून तुला काम शिकवतो, तर ही म्हणाली माझ्या प्रेतावरून सर. कोर्ट मार्शलपर्यंत गेलं प्रकरण, मग जनरलने मागे घेतलं.

२०२३ ला व्हर्जिनियातल्या फोर्ट लीला तिचं आणि जनरल ग्रेगचं नाव दिलं होतं. २०२५ ला बदलून परत फोर्ट ली केलं. मला वाईट वाटलं, लिहून ठेवतो.

शिवथरकर

घरचं पत्र दोन महिने उशिरा आलं की काय होतं ते मी लडाखला भोगलंय. त्या ८५५ बायकांना माझा सॅल्यूट.

अंगणवेल

दोन दिवस झाले, बाबा रोज सकाळी चहा घेताना विचारतात "धाग्यावर कोणी काय लिहिलं?" कडूलिंब यांची पोस्ट वाचल्यावर ते बराच वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणाले आपण त्या गावात गेलो, त्या शेतकऱ्यांचंही काहीतरी असेल तिथे, परत नेशील का. काल परत गेलो. टस्कीगीत त्यांची नावं लावलेली आहेत एका म्युझियममध्ये. बाबांनी बूट काढून बाहेर ठेवले, कोणी सांगितलं नव्हतं.

चार्ल्स यंगचं वाचून मात्र त्यांना राग आला. "ब्लड प्रेशर म्हणे!" असं दिवसातून दोनदा तरी ऐकतेय.

आणि त्यांच्या मूळ प्रश्नाचं उत्तर त्यांनीच दिलंय, माझं उत्तर त्यांना पटलेलं नाही. ते म्हणतात कर्ज काढलं ते विमानतळासाठी नाही. ज्याच्या जमिनीवर धावपट्टी, त्याला विचारल्याशिवाय ती बंद करता येत नाही, म्हणून काढलं. मला यावर अजून विचार करायचाय. शिवथरकर काका आणि कडूलिंब, तुम्ही काय म्हणता?

आणखी एक. ते परत जायच्या आधी आम्ही गाडीने जेफरसन सिटीला जाणार आहोत, लिंकन युनिव्हर्सिटीत त्या दोन पलटणींचं स्मारक आहे ते बघायला. माँटगोमेरीहून एका दिवसात होणार नाही, बाबांचे गुडघे बघता मध्ये मुक्काम करावाच लागेल. सेंट लुईस किंवा मेम्फिसच्या बाजूला कोणी मायबोलीवाले (या साइटवरचे) असतील तर माझ्या विपूत, म्हणजे विचारपूस पानावर, कळवा, शाकाहारी जेवणाची सोय कुठे बरी होते तेही सांगा.